प्राध्यापकी सोडली, तोंडाला रंग लावला



एका मंगल परिणयाच्या निमित्ताने अलीकडेच मांडवगण फराटा येथे जाण्याचा योग आला. शिरूर तालुक्यातील हे भीमाकाठचे गाव. नदी ओलांडली की दौंड तालुका सुरू होतो, आणि दोन्ही तीरांवर नजर पोहोचेल तिथवर ऊस. विधी आटोपला, पंगती उठल्या, बायामाणसे मांडवात घटकाभर टेकली, तेव्हा एका गृहस्थांनी आम्हाला बाजूला घेतले. हयात साखर कारखान्यात हंगामी कामगार म्हणून गेलेली. मुलगा एम.ए. झाला, सेट पास झाला, पुण्याच्या एका महाविद्यालयात शिकवतो. भावकीतला पहिला ‘सर’. आता तो म्हणतो, कॉलेज सोडतो आणि नाटक-सिनेमात काम करतो. हिरो व्हायचे वेड असते तर बापाने दोन शब्द सुनावून विषय मिटवला असता. पण याला बापाची, सरपंचाची, फौजदाराची, कोर्टातल्या कारकुनाची कामे करायची आहेत. चरित्र अभिनेता म्हणतात तसा.

“दादा, तुम्ही लिहिता-वाचता,” ते म्हणाले. “असं आधी कुणी केलंय का? आणि केलं असंल तर त्याच्या घरच्यांनी खाल्लं काय?”

प्रश्नाचा दुसरा भाग आम्हाला पहिल्यापेक्षा मोलाचा वाटला. कलावंतांच्या गौरवग्रंथात तो सहसा कुणी विचारत नाही. म्हणून या आठवड्याचे आमचे सदर त्या गृहस्थांसाठी, आणि ज्यांच्या घरात असा एखादा मुलगा किंवा मुलगी आहे त्या सर्वांसाठी.

कुणी केले आहे का, याचे उत्तर शोधायला लांब जायला नको. शिरूरहून पुण्याकडे पाठ करून सरळ निघाले की नगर लागते. शहराचे सरकारी नाव आता अहिल्यानगर झाले आहे, पण जुनी माणसे नगरच म्हणतात, आम्हीही तसेच लिहितो. तेथे डॉ. भा. पां. हिवाळे यांनी १९४७ साली काढलेले अहमदनगर महाविद्यालय आहे. या महाविद्यालयात एके काळी मधुकर तोरडमल नावाचे इंग्रजीचे प्राध्यापक होते. जन्म १९३२ चा. प्राध्यापक होण्यापूर्वी मुंबईत कुर्ल्याला मोटारीच्या कारखान्यात त्यांनी कारकुनीही केलेली. म्हणजे खुर्ची वडिलोपार्जित मिळालेली नव्हती. कारकुनाच्या टेबलावरून कॉलेजच्या व्यासपीठापर्यंत चढायला माणसाला किती रात्री जागवाव्या लागतात, हे आमच्या वाचकांना वेगळे सांगायला नको. त्या माणसाने एक दिवस प्राध्यापकीचा राजीनामा दिला आणि पूर्ण वेळ नाटकाला वाहून घेतले.

येथे घाईघाईने टाळ्या वाजवू नयेत. सिनेमात दाखवतात तसे हे झाले नाही, की एका रात्री साक्षात्कार झाला आणि सकाळी साहेबांच्या टेबलावर कागद. नोकरीत असतानाच तोरडमल नाटके लिहीत होते, बसवीत होते, स्वतः काम करीत होते, स्पर्धांमध्ये उतरत होते. दिवसा वर्गात शेक्सपिअर आणि संध्याकाळी तालीम. प्रेक्षक आपल्याला पैसे देऊन पाहायला येतात की नाही, याचा अंदाज त्यांना खुर्ची सोडण्यापूर्वी आला होता.

मग त्यांनी काय केले ते फार गमतीचे आहे. कॉलेज सोडले आणि नाटकात कॉलेजच घेऊन आले. ‘तरुण तुर्क म्हातारे अर्क’ हे त्यांनी स्वतः लिहिलेले नाटक. कॉलेजातली खट्याळ पोरे आणि त्यांच्या कात्रीत सापडलेले प्राध्यापक बारटक्के. बारटक्क्यांची भूमिका स्वतः तोरडमलांची. या सरांना ऐनवेळी शब्द आठवत नाही, मग नेमक्या शब्दाच्या जागी हा, ही, हे, हू करीत ते वाक्य पुढे रेटतात आणि प्रेक्षक आपापल्या मगदुराप्रमाणे रिकामी जागा भरून हसतात. ‘ह’ची बाराखडी म्हणून महाराष्ट्रभर ती गाजली. नाटकाचे हजारो प्रयोग झाले. आमच्या पिढीतल्या अनेकांनी गावच्या गॅदरिंगमध्ये बारटक्के सरांची नक्कल केलेली आहे आणि मुख्याध्यापकांचा मार खाल्लेला आहे.

आम्ही यावर बराच विचार केला. नगरच्या वर्गात तोरडमलांनी काढलेली वर्षे फुकट गेली का? अजिबात नाही. मागच्या बाकावरच्या पोराला ऐकू जाईल असा आवाज टाकणे, शंभर जणांच्या नजरा अंगावर घेऊन न डगमगणे, कोण जांभई देतोय आणि कोण चिठ्ठी फिरवतोय हे फळ्याकडे तोंड असतानाही ओळखणे, ही सारी नटाची तयारीच होय. शिवाय मास्तराला तोच धडा दहा वर्षे शिकवावा लागतो आणि दर वर्षी समोरच्या पोराला तो नवा वाटला पाहिजे. नटाचेही तेच. तीनशेव्या प्रयोगाला आलेल्या माणसाने पहिल्या प्रयोगाएवढेच तिकीट काढलेले असते.

आता घरच्यांच्या पोटाचा प्रश्न. मराठी नाटकात नटाला पगार नसतो, ‘नाईट’ असते. एका प्रयोगाची जी रक्कम ठरते तिला नाईट म्हणायचे. प्रयोग झाला तर नाईट, नाही झाला तर नाही. परीक्षांचे दिवस आले, बुकिंग पडले, मुख्य नटाचा घसा बसला, की बाकीच्या आठ जणांची चूल मंदावते. प्रॉव्हिडंट फंड नाही, रजा नाही, बाळंतपणाची सवड नाही. दौऱ्याची बस पहाटे घरी सोडते आणि शेजारीपाजारी विचारतात, हा दिवसभर झोपतो, करतो काय? मालिकांत दिवसाच्या हिशेबाने पैसे ठरतात, पण केलेल्या कामाचा चेक हातात पडायला साधारण तीन महिने लागण्याची रीत आहे. वाणी तीन महिने थांबतो का, हे ज्याचे त्याने आपल्या वाण्याला विचारावे. मार्च २०२० मध्ये कोरोनामुळे नाट्यगृहे बंद झाली, मधे अर्ध्या खुर्च्यांवर उघडली, पुन्हा बंद झाली, आणि २२ ऑक्टोबर २०२१ ला परत सुरू झाली. त्या दिवसांत कायम प्राध्यापकाच्या खात्यावर पगार जमा होत होता. नाईटवरच्या माणसाकडे प्रयोगच नव्हता.

आणि चरित्र अभिनेता म्हणजे या व्यवसायातला मधला माणूस. पोस्टरवर त्याचा चेहरा कोपऱ्यात, नाव आठवे-नववे. पण एक आहे. हिरोचे केस पांढरे झाले की त्याचे दुकान उठते, याचे मात्र तेव्हाच सुरू होते. पन्नाशीतल्या बापाच्या भूमिकेला पन्नाशीतला चेहरा लागतोच.

दौंडचा उल्लेख वर आला, तर त्या गावाचीच एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. डॉ. जब्बार पटेल हे बालरोगतज्ज्ञ. दौंडमध्ये त्यांनी दवाखाना चालवला, या परिसरातली लेकरे तपासली आणि तेच करता करता नाटके बसवली, चित्रपट काढले. सन २००० मध्ये आलेला ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ हा चित्रपट त्यांचाच. आपल्यापैकी क्वचितच कुणी तो पाहिला नसेल. त्यात बाबासाहेबांची भूमिका करणारे मामुट्टी हेही मूळचे वकील, वकिली सोडून नट झालेले. पण आम्हाला येथे सांगायचे आहे ते पटेलांच्या १९७९ सालच्या ‘सिंहासन’बद्दल. राजकारणावरचा हा चित्रपट पुन्हा बघायला मिळाला तर कथा बाजूला ठेवून फक्त नटांकडे पाहावे. त्यात मधुकर तोरडमल आहेत, इंग्रजीची प्राध्यापकी सोडून आलेले. डॉ. श्रीराम लागू आहेत, कान-नाक-घशाचे शल्यविशारद, ज्यांनी १९६९ साली वयाच्या बेचाळिशीत वैद्यकीला रामराम ठोकला. निळू फुले आहेत, जे पुण्याच्या लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करीत होते. आणि डॉ. मोहन आगाशे आहेत, पुण्याच्या बी. जे. वैद्यकीय महाविद्यालयात मानसोपचार शिकवणारे प्राध्यापक, ज्यांनी अध्यापन कधी सोडलेच नाही! एकाच चित्रपटात सगळे मार्ग हजर. नोकरी सोडलेलेही आणि न सोडलेलेही. पडद्यावर बघताना त्यांच्यातला कोण कोणत्या वाटेने आला हे ओळखून दाखवावे, आम्हाला तरी ते जमले नाही.

डॉ. लागूंविषयी दोन शब्द अधिक लिहायला हवेत, कारण उडी घेतली असे म्हणताना लोक त्यांचेच नाव घेतात. २३ डिसेंबर १९७० रोजी शिरवाडकरांच्या ‘नटसम्राट’चा पहिला प्रयोग झाला आणि गणपतराव बेलवलकर या थकलेल्या म्हाताऱ्याच्या भूमिकेत त्रेचाळीस वर्षांचे लागू उभे राहिले. उडी मोठी खरीच. पण कॉलेजच्या दिवसांपासून हौशी रंगभूमीवर त्यांनी काढलेली वर्षे त्या उडीच्या मागे होती, आणि खाली सर्जनची पदवी होती. नाटक चालले नसते तर दवाखान्याची पाटी पुन्हा लावता आली असती. खाली गादी अंथरलेली असली की उंचावरून उडी मारणे सोपे, असे म्हणून आम्हाला त्यांचा मोठेपणा कमी करायचा नाही. पण मांडवगणच्या गृहस्थांच्या मुलाने लागूंचे उदाहरण बापापुढे ठेवले, तर बापाने गादीविषयी विचारावे.

नोकरी न सोडता मोठा झालेला आणखी एक प्राध्यापक सांगतो. मराठवाड्यातल्या ज्या विद्यापीठाला बाबासाहेबांचे नाव मिळावे म्हणून आपल्या माणसांनी जीव दिले आणि १४ जानेवारी १९९४ रोजी ते मिळाले, त्या विद्यापीठात लक्ष्मण देशपांडे नाट्यशास्त्र विभागाचे प्रमुख होते. ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’ या एकपात्री प्रयोगात ते एकटे बावन्न माणसे उभी करीत. म्हातारी, बबन्या, नवरी, विमानातली बाई, सगळे तेच. चरित्र अभिनयाचा याहून मोठा नमुना आम्हाला माहीत नाही. त्यांना ना कंपनी लागली ना नेपथ्य. आपल्या प्रा. दत्ता भगतांनीही नांदेडमध्ये शिकवता शिकवताच ‘वाटा-पळवाटा’ लिहिले.

खरे पाहता आपल्या समाजात ही दुसरी वाटच जुनी आहे. जलशाचे शाहीर दिवसा गिरणीत, रेल्वेत, गोदीत राबायचे आणि रात्री डफ हाती घ्यायचे. कला हे आपल्याकडे पोटाचे साधन फार थोड्यांचे झाले. यात अभिमानाची गोष्ट आहे, पण दुःखाचीही आहे. रात्रीच्या उरलेल्या ताकदीवर ज्यांनी एवढे गायले, त्यांना सारा दिवस मिळाला असता तर? म्हणून कुणी पूर्ण वेळ मागतो तेव्हा आम्हाला एकदम नाही म्हणवत नाही.

पूर्ण वेळ घेणाऱ्यांत कादर खान हे नाव आमच्या वाचकांना जवळचे वाटेल. आपण त्यांना गोविंदाचा सासरा म्हणून ओळखतो. हा माणूस मुंबईतल्या कामाठीपुऱ्याच्या गरिबीत वाढला. लहानपणी कारखान्यात कामाला जायला निघाला तेव्हा आईने अडवले, या दोन-चार रुपयांनी दारिद्र्य जाणार नाही, तू शीक, असे तिने बजावले, ही आठवण त्यांनी मुलाखतीत सांगितली आहे. तो शिकला आणि भायखळ्याच्या साबू सिद्दीक महाविद्यालयात स्थापत्य अभियांत्रिकी शिकवू लागला. कॉलेजातल्या नाटकांमुळे त्याची चित्रपटवाल्यांशी गाठ पडली. पण हे नीट लक्षात घ्या, सिनेमाने त्यांना आधी घेतले ते लेखणीसाठी. ‘जवानी दिवानी’ १९७२ चा, ‘रोटी’ १९७४ चा, त्यांचे संवाद कादर खान यांचे. चेहरा पडद्यावर स्थिर होईपर्यंत घर लेखणीने चालवले.

तोरडमलांचेही तेच नाही का? नाटक त्यांनी स्वतः लिहिले, म्हणून बारटक्के त्यांना कुणाकडे मागावा लागला नाही. प्राध्यापकी सोडून जे तगले त्यांच्या हाती अभिनयाखेरीज दुसरी एक विद्या होती, आणि ती त्यांना प्राध्यापकीनेच दिलेली होती. नुसत्या चेहऱ्यावर निघालेल्यांची नावे आपल्याला माहीत नाहीत, कारण ती पडद्यावर आलीच नाहीत.

मांडवात हा विषय चालला असता एक तरुण मधेच म्हणाला, बाबासाहेबांनीही प्रोफेसरकी सोडली होती की! सोडली होती, खरे आहे. नोव्हेंबर १९१८ मध्ये ते मुंबईच्या सिडनहॅम कॉलेजात अर्थशास्त्राचे प्राध्यापक झाले आणि १९२० साली राजीनामा देऊन लंडनला अपुरा राहिलेला अभ्यास पुरा करायला गेले. पण ही गोष्ट अर्धीच सांगण्याची आपल्याला सवय झाली आहे. त्या नोकरीचा पगार त्यांनी काटकसरीने राखून ठेवला होता. शाहू महाराजांची मदत होती, नवल भथेना या मित्राकडून कर्ज घेतले होते. आणि मागे परळच्या चाळीत रमाबाई होत्या. त्या वर्षांत घर कसे चालले ते त्याच जाणोत. राजीनामा एकाच्या सहीने होतो, तो निभावणाऱ्याची सही त्यावर नसते. म्हणून आमचे त्या मुलाला पहिले सांगणे असे, की आईशी आणि लग्न झाले असेल तर बायकोशी आधी बोल. बापाला पटवणे ही नंतरची गोष्ट. महिना कितीत भागतो, हे त्या दोघींना पैशापर्यंत ठाऊक असते.

आता एक गोष्ट, जी त्या गृहस्थांना आम्ही मांडवातच सांगितली आणि ज्याने ते गप्प झाले. त्यांच्या समजुतीप्रमाणे मुलगा पक्की खुर्ची सोडतो आहे. आम्ही विचारले, तो कायम आहे का? नाही, तासिका तत्त्वावर. म्हणजे तास घेतला तर पैसे, नाही घेतला तर नाही. दिवाळीची सुट्टी, उन्हाळ्याची सुट्टी, परीक्षांचा काळ, सगळा बिनपगारी. बिल निघायला महिनोन्‌महिने. दर वर्षी नव्याने मुलाखत. दादा, ही नाईटच झाली की! तोरडमलांनी सोडली ती नोकरी होती. तुमचा मुलगा जी सोडू म्हणतो, तीही प्रयोगावरच बेतलेली, फक्त टाळ्या नाहीत. सेट पास होऊन दहा-दहा वर्षे असे तास घेणारी आपली किती मुले-मुली आज महाराष्ट्रात आहेत! कायम जागा भरल्या असत्या तर त्यातल्या निम्म्यांनी दुसरी वाट विचारलीही नसती, असे आमचे मत आहे. मुलगा नाटकाच्या ओढीने जातो आहे की कॉलेजच्या निराशेने, हे त्याने स्वतःशी तपासावे. ओढीने जाणाऱ्याला आम्ही भाड्याचे पैसे काढून देऊ. निराशेने जाणाऱ्याला पुढे त्याहून मोठी निराशा भेटेल.

तासिकेची नोकरी असल्याचा एक फायदाही आहे, आठवड्याचे काही दिवस मोकळे मिळतात. तेवढ्यात पुण्यात राहून प्रायोगिक संस्थेत जावे, राज्य नाट्य स्पर्धेत उतरावे, माणसे काय म्हणतात ते ऐकावे. शिकायचेच असेल तर पुणे विद्यापीठाचे ललित कला केंद्र आहे, मुंबई विद्यापीठात नाट्य विभाग आहे, संभाजीनगरला बाबासाहेबांच्या नावाच्या विद्यापीठात आहे. दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात प्रवेश मिळाला तर विद्यार्थ्याला दरमहा शिष्यवृत्ती मिळते, घरावर भार पडत नाही. अॅक्टिंग शिकवतो म्हणून लाखभर फी मागणारे गल्लोगल्ली बसले आहेत, आणि रोल देतो म्हणून आधी पैसे मागणारेही. जो काम देण्यासाठी पैसे मागतो त्याच्याकडे काम नसते. आणि सेटचे प्रमाणपत्र ट्रंकेत जपून ठेवावे. ते शिळे होत नाही.

मुलीच्या बाबतीत काय, असे एका भगिनीने आम्हाला त्याच दिवशी विचारले. आम्ही म्हणतो, अगदी हेच. फरक एवढाच, की मुलाला लोक वेडा म्हणतील आणि मुलीला त्याहून वाईट. तेव्हा तिच्या पाठीशी घराने दुप्पट उभे राहिले पाहिजे. रात्रीच्या प्रयोगाहून परतताना स्टँडवर भाऊ किंवा बाप उभा असला, की गावाची निम्मी तोंडे आपोआप मिटतात.

मधुकर तोरडमलांना नाट्यवर्तुळात सगळे ‘मामा’ म्हणत. त्यांनी आत्मचरित्र लिहिले, त्याचे नाव ‘तिसरी घंटा’. प्रयोग सुरू होण्याआधी नाट्यगृहात जी शेवटची घंटा होते ती. उत्तर आयुष्यात त्यांनी अगाथा ख्रिस्तीच्या रहस्यकथा मराठीत आणल्या, एक-दोन नव्हे, पुष्कळ. २ जुलै २०१७ रोजी मुंबईत ते वारले तेव्हा ८४ वर्षांचे होते. नगरला वर्गात जी इंग्रजी ते शिकवीत होते, तीच टेबलावर घेऊन हा नट म्हातारपणी लिहीत बसला होता.